पाडावें कीं सांभाळावें?

घर पाहावें बांधून आणि लग्न पाहावें करून, असें आपल्याकडील वडील माणसें सांगत आलीं आहेत. घर पाडून पाहावें, असें मात्र कोणीं सांगून ठेविलेलें नाहीं. तसा प्रसंग पूर्वीं फारसा येतच नसे. वाडा जुना झाला म्हणजे त्याची एकेक खण पडत जाई, माणसें उरलेल्या खणांत सरकत जात, आणि शेवटीं परसांतल्या तुळशीवृंदावनाशेजारीं मातीचा एक ढीग तेवढा उरे. आतां काळ बदलला आहे. ज्या इमारती आपल्या डोळ्यांदेखत उभ्या राहिल्या, ज्यांच्या ओल्या सिमेंटवर लहानपणीं आपण सकाळसंध्याकाळ पाणी शिंपडलें, त्याच पाडावयाच्या कीं राखावयाच्या, हा प्रश्न आज नांदेड-लातुरांतील अनेक कुटुंबांपुढें आणि संस्थांपुढें येऊन उभा आहे. आमच्या घरीं तो दोन वर्षांपूर्वीं आला. त्या निमित्तानें जें पाहिलें, ऐकलें व समजून घेतलें, तें वाचकांपुढें ठेवावें असें वाटलें.

नव्या काळाची खूण

आमचें घर नांदेडास आहे. आजोबांनीं तें १९६६ सालीं बांधलें. तत्पूर्वीं आमचें बिऱ्हाड जुन्या वस्तींतील एका माळवदाच्या वाड्यांत होतें. जाड भिंती, लहान झरोके, लांकडी तुळयांवर मातीचा थर, आणि पावसाळ्यांत कोठें ना कोठें गळणारें छप्पर. नव्या घराला सिमेंटचा स्लॅब होता, खिडक्यांवर लांब छज्जे होते, जिन्याच्या बाजूस सिमेंटच्या जाळीची भिंत होती आणि पुढच्या खोलींत ठिपक्यांच्या फरशा होत्या. कोणी घर पाहावयास आलें म्हणजे आजी त्यांना देवघर दाखविण्यापूर्वीं गच्चीवर नेई. गळत नाहीं, हेंच त्या घराचें पहिलें वैभव होतें.

या घरामागें एक काळ उभा होता. मराठवाडा निजामी राजवटींतून मोकळा झाला तो १७ सप्टेंबर १९४८ रोजीं. १ नोव्हेंबर १९५६ रोजीं तो मुंबई राज्यांत आला आणि १ मे १९६० रोजीं महाराष्ट्रांत. नांदेडास पीपल्स कॉलेज निघालें तें १९५० मध्यें. लातुरांत दयानंद महाविद्यालय १९६१ मध्यें व शाहू महाविद्यालय १९७० मध्यें. जिल्हा परिषदा १९६२ मध्यें आल्या. शाळा, कचेऱ्या, दवाखाने, वसतिगृहें, एस्‌. टी. चीं स्थानकें या सर्वांना इमारती हव्या होत्या, आणि त्या थोड्या पैशांत, थोड्या वेळांत हव्या होत्या. त्याच सुमारास पंजाबांत ल कॉर्बुझिए या वास्तुशास्त्रज्ञाच्या हातून चंडीगड उभें राहत होतें. सपाट छत, सरळ रेषा, उघडें काँक्रीट, उन्हाला अडविणारे खोल छज्जे आणि वारा खेळविणारी जाळी, हा त्या शैलीचा थाट. सरकारी नकाशांतून आणि मुंबईपुण्याहून शिकून आलेल्या अभियंत्यांच्या हातून तो साधा होत होत तालुक्याच्या गांवापर्यंत पोहोंचला. आपण त्याला शैली म्हणून कधीं ओळखलेंच नाहीं. आपण त्याला ‘सिमेंटचें घर’ म्हणत आलों.

म्हणूनच त्याच्या मरणाचें सुतक कोणी धरीत नाहीं. दगडी कमान पडली तर वर्तमानपत्रांत चार ओळी येतात. साठ वर्षांची काँक्रीटची शाळा पडली तर ‘नवी इमारत होणार’ एवढीच आनंदाची बातमी येते.

गोलाईचा धडा

लातूरची गंजगोलाई ज्यांनीं पाहिली आहे त्यांस एक गोष्ट पटेल. ही वर्तुळाकार दुमजली पेठ १९१७ मध्यें बांधली गेली. तिची आंखणी फैयाजुद्दिन नांवाच्या नगररचनाकारानें केली. मध्यभागीं अंबाबाईचें देऊळ, भोंवतीं दुकानांचें कडें आणि त्या कड्याला येऊन मिळणारे सोळा रस्ते. शंभरांहून अधिक वर्षें लोटलीं, तरी लातुरांत पाहुणा आला म्हणजे रस्ता गोलाईपासूनच सांगितला जातो.

गोलाई इतकीं वर्षें टिकली ती कोणीं तिला जपून ठेवावयाचें ठरविलें म्हणून नव्हे. तिचा उपयोग संपला नाहीं, म्हणून ती टिकली. भुसार व कापड यांच्या बाजारासाठीं ती आंखली गेली आणि बाजार तेथून हलला नाहीं. इमारतीला आयुष्य देणारी पहिली वस्तु चुना किंवा सिमेंट नव्हे. तिच्यांत रोज होणारा माणसांचा वावर ही होय. ज्या घराचीं कुलपें वर्षांतून एकदां दिवाळीला उघडतात, तें घर कितीही भक्कम असलें तरी म्हातारें झालेंच म्हणून समजावें.

त्या पहांटेनंतर

परंतु केवळ वावर असल्यानें इमारत सुरक्षित होते, असेंही नाहीं. हा धडा लातूर जिल्ह्यानें ३० सप्टेंबर १९९३ च्या पहांटे फार मोठें मोल देऊन घेतला. अनंतचतुर्दशीचें विसर्जन आटोपून गांवें नुकतीं झोंपलीं होतीं. चारला कांहीं मिनिटें कमी असतांना धरणी हादरली. किल्लारी, सास्तूर आणि आसपासचीं गांवें क्षणांत कोसळलीं. आठ ते दहा हजार माणसें गेलीं. भूकंपाचें मान ६·२ च्या आसपास, म्हणजे जगाच्या हिशेबानें मध्यमच. मृत्यूचें मान मात्र मध्यम नव्हतें. मारणारी वस्तु मुख्यतः घरेंच होतीं. दोन-अडीच फूट जाडीच्या दगडमातीच्या भिंती, त्यांच्या आंतल्या व बाहेरच्या अंगांना बांधून ठेवणारा आरपार दगड नाहीं, आणि डोक्यावर माळवदाच्या मातीचा प्रचंड भार. भिंत फुगून फाटली आणि वरची माती निजलेल्या माणसांवर आली.

आमच्या आत्याचें घर औशास होतें. तें पडलें नाहीं. पण मधल्या खोलीच्या भिंतीला पोट आलें. आत्या त्यानंतर अनेक वर्षें अंगणांतच निजत असे. ‘ज्या भिंतीनें चार पिढ्या सांभाळल्या तिची आतां भीति वाटते,’ असें ती म्हणे, आणि त्या बोलण्यांत भिंतीविषयीं रागाहून दुःखच अधिक असे.

पुढें बावन्न गांवें नव्या जागीं वसविलीं गेलीं. सरळ रस्ते, आंखलेले भूखंड, एकेक कुटुंबाला सुटें घर. जीव वांचविण्याच्या दृष्टीनें तें आवश्यक होतें. परंतु एका अंगणाभोंवतीं राहणारे भाऊ निरनिराळ्या ओळींत गेले, गोठा व ओसरी यांना नकाशांत जागा उरली नाहीं, आणि उन्हाळ्यांत काँक्रीटच्या छताखालीं दुपार काढणें कठीण झालें. याच कार्यक्रमाचा दुसरा भाग कमी लोकांच्या लक्षांत आहे. जेथें घरें उभीं होतीं तेथें लाखाहून अधिक घरांची जागच्या जागीं दुरुस्ती व मजबुती करण्यांत आली. भिंतींतून आरपार बांधणीचे दगड घालणें, चौफेर पट्टा बांधणें, छतावरील मातीचा भार उतरविणें, असे ते उपाय होते. म्हणजे ‘पाडा’ आणि ‘राखा’ या दोहोंमध्यें ‘मजबूत करा’ हा तिसरा मार्ग आपल्याच जिल्ह्यांत मोठ्या प्रमाणावर अनुभवास आलेला आहे.

किल्लारीनें सिमेंटच्या इमारतींसंबंधींही एक सत्य उघडें केलें. तोंपर्यंत भूकंपाच्या सरकारी नकाशांत हा प्रदेश सर्वांत कमी धोक्याच्या पहिल्या पट्ट्यांत होता. २००२ मध्यें नियमावली सुधारली तेव्हां किल्लारीचा परिसर तिसऱ्या पट्ट्यांत गेला. याचा अर्थ असा, कीं १९९३ पूर्वीं लातुरांत उभ्या राहिलेल्या शाळा, कचेऱ्या व बंगले आंखतांना भूकंपाचा विचार बहुधा झालेलाच नव्हता. नांदेडकरांनींही निश्चिंत राहूं नये. २१ मार्च २०२४ रोजीं सकाळीं हिंगोली जिल्ह्यांत ४·५ मानाचा धक्का बसला, तेव्हां नांदेडांतही भांडीं वाजलीं आणि माणसें रस्त्यावर आलीं. जुन्या इमारतीवर प्रेम करणाऱ्यानें या गोष्टीकडे डोळेझांक करणें हा त्या प्रेमाचाच दोष होईल.

काँक्रीट म्हातारें कसें होतें

काँक्रीट अमर आहे, अशी आमच्या आजोबांची समजूत होती. त्यांच्या पिढीची सर्वांचीच होती. वस्तुतः काँक्रीटच्या पोटांत लोखंडाच्या सळया असतात आणि त्यांचें आयुष्य तेंच इमारतीचें आयुष्य. ताज्या काँक्रीटमध्यें चुन्याचा क्षारगुण भरपूर असतो, त्यामुळें सळईला गंज चढत नाहीं. हवेंतील कार्बन डायऑक्साइड हळूहळू आंत शिरतो आणि हा क्षारगुण कमी करीत जातो. तो सळईपर्यंत पोहोंचला आणि जोडीला ओल असली, कीं गंज सुरू होतो. गंजाला मूळ लोखंडाच्या दुपटीपासून सहापटीपर्यंत जागा लागते. ती जागा तो काँक्रीट फोडून मिळवितो. छताच्या खालच्या अंगास प्रथम बारीक रेघ दिसते, मग पोपडा सुटतो, आणि एके दिवशीं तांबडी सळई उघडी पडते.

हें बहुतेक ठिकाणीं न्हाणीघराच्या खालीं, पाण्याच्या टाकीखालीं, गच्चीच्या तुंबलेल्या पन्हळीपाशीं व पिंपळाचें रोप उगवलेल्या कोपऱ्यांत घडतें. इमारतीचा शत्रु काळ आहे असें आपण म्हणतों. पुष्कळदां तो एक गळका नळ असतो.

रोग ओळखण्याचीं साधनें आहेत. ठराविक जोरानें हातोडी आपटून तिच्या उसळीवरून काँक्रीटचा कठिणपणा पाहतात. ध्वनिलहरी आरपार सोडून आंतल्या पोकळ्या शोधतात. लहान गाभा कापून त्याची ताकद प्रयोगशाळेंत तपासतात. महानगरपालिकांच्या कायद्यान्वयें तीस वर्षांपुढील इमारतीची अशी तपासणी जाणकार अभियंत्याकडून करून घेणें मालकाचें कर्तव्यच आहे. परंतु तपासणी करावयाची आपणांस भीति वाटते. डॉक्टरकडे गेलों नाहीं म्हणजे रोग नाहीं, असें समजण्यासारखेंच हें आहे.

इतरत्र काय घडलें

दिल्लींत प्रगति मैदानावर राज रेवल यांनीं आंखलेलें आणि अभियंते महेंद्र राज यांनीं उभें केलेलें ‘हॉल ऑफ नेशन्स’ हें प्रदर्शनगृह होतें. स्वातंत्र्याच्या रौप्यमहोत्सवी वर्षीं, १९७२ मध्यें, तें खुलें झालें. काँक्रीटच्या त्रिकोणी जाळ्याचा एवढा विस्तीर्ण सांगाडा हें तेव्हां जगांतील नवल होतें. एप्रिल २०१७ मध्यें तें एका रात्रींत पाडलें गेलें. वारसा म्हणून विचार होण्यास इमारत साठ वर्षांची असावी लागते, आणि ही अवघी पंचेचाळीस वर्षांची, हा मुद्दा तिच्याविरुद्ध गेला. सोनें जुनें असल्यावांचून सोनें नव्हे, असाच हा न्याय झाला.

अहमदाबादेंत लुई कान यांनीं बांधलेल्या व्यवस्थापन संस्थेची कथा अधिक शिकविणारी आहे. तेथील जुन्या ग्रंथालयाची दुरुस्ती इतकी उत्तम झाली, कीं २०१९ मध्यें तिला युनेस्कोचें पारितोषिक मिळालें. त्याच आवारांतील विद्यार्थ्यांचीं वसतिगृहें मात्र पाडण्याचा निर्णय डिसेंबर २०२० मध्यें जाहीर झाला, जगभरच्या निषेधामुळें १ जानेवारी २०२१ रोजीं मागें घेण्यांत आला, आणि नोव्हेंबर २०२२ मध्यें संस्थेनें पुन्हां जुन्या वसतिगृहांची आशा सोडली. एकच आवार, एकच कर्ता. एका इमारतीला जीवदान आणि दुसरीला निरोप.

आणि दुरुस्ती हा शब्द उच्चारला कीं सर्व कांहीं झालें, असेंही नाहीं. पणजींत मांडवीच्या कांठीं चार्ल्स कोरिया यांनीं बांधलेली कला अकादमी दुरुस्तीसाठीं बंद असतांनाच १७ जुलै २०२३ रोजीं तिच्या खुल्या रंगमंचावरील छत कोसळलें. तेथें कोणी नव्हतें हें दैव. राखणें हें पाडण्याहून सोपें काम नाहीं. तें अधिक ज्ञानाचें व अधिक चिकाटीचें काम आहे.

लातुरांसाठीं आणखी एक हिशेब आहे. एप्रिल २०१६ मध्यें या शहराची तहान भागविण्यासाठीं मिरजेहून आगगाडीनें पाणी आणावें लागलें. नवी इमारत म्हणजे पाणी, वाळू आणि सिमेंट. सिमेंट भाजतांना हवेंत सुटणारा कार्बन डायऑक्साइड जगाच्या एकंदर उत्सर्जनाच्या सात-आठ टक्क्यांच्या घरांत जातो. जी भिंत उभी आहे तिच्यांतील पाणी व इंधन पूर्वींच खर्ची पडलें आहे. ती कारणावांचून पाडणें म्हणजे शिजलेलें अन्न टाकून पुन्हां चूल पेटविणें होय.

आमच्या घरांतील निकाल

हें सर्व लिहिणें सोपें आहे. घरांत वाद सुरू होतो तेव्हां हे मुद्दे कामास येत नाहींत. आमच्या पुतण्यानें इमारत पाडून तेथें मजले चढविण्याची योजना आणली. त्याचें म्हणणें खोटें नव्हतें. तिघां भावांचीं कुटुंबें एका स्वयंपाकघरांत मावत नव्हतीं. आईला चौऱ्यायशीवें वर्ष लागलें होतें आणि तिची खोली जिना चढून होती. ‘काका, तुम्ही छज्जे आणि जाळ्या पाहतां, मी आजीचे गुडघे पाहतों,’ असें तो म्हणाला, आणि मला त्याला उत्तर देतां आलें नाहीं. उलटपक्षीं थोरले दादा म्हणत, ‘वडिलांनीं पोटाला चिमटा घेऊन बांधलेलें घर माझ्या हयातींत पडणार नाहीं.’ यांतही खोटें कांहीं नव्हतें. दोन्ही बाजू खऱ्या असल्या म्हणजे घरांतला अबोला फार लांबतो.

आईला विचारलें तेव्हां ती म्हणाली, ‘घर माझ्यासाठीं राखूं नका. पण पाडायचेंच तर माझ्यासाठीं पाडतों, असेंही कोणी म्हणूं नका.’ त्या एका वाक्यानें आम्हां सर्वांचीं सोयीचीं कारणें गळून पडलीं. मग आम्हीं प्रथम तपासणी करून घेतली. निष्कर्ष कोणाच्याच बाजूचा नव्हता. पुढचा भाग उत्तम होता. मागच्या स्वयंपाकघराचा व न्हाणीघराचा स्लॅब मात्र गळक्या नळानें पार खाल्लेला होता. आम्ही त्याच्याखालीं वर्षानुवर्षें जेवत होतों.

त्या तपासणीच्या कागदावरून आम्हीं स्वतःस तीन प्रश्न घातले. पहिला, या छताखालीं मूल निजवितांना मन निःशंक राहील काय? दुसरा, आज आपल्याला जें काम हवें आहे तें ही वास्तु थोड्या फेरफारानें करूं शकेल काय? तिसरा, पाडून त्या जागीं जें येणार आहे तें गेलेल्याहून खरोखर चांगलें असेल काय? पहिल्या प्रश्नाचें उत्तर ‘नाहीं’ असेल आणि मजबुतीनेंही तें बदलत नसेल, तर पुढचे दोन विचारूं नयेत. तेथें ममता बाजूस ठेवून पाडावेंच. पहिल्याचें उत्तर ‘होय’ असेल, तर मात्र उरलेल्या दोहोंचीं उत्तरें मिळाल्यावांचून कुदळ उचलूं नये. शाळा, कचेरी, स्थानक यांनाही हेच प्रश्न लागू आहेत. फरक इतकाच, कीं तेथें उत्तर देणारें कुटुंब म्हणजे सारें गांव असतें, आणि त्याला विचारण्याची रीत आपण अद्याप घातलेली नाहीं.

आमच्या घराचा मागचा भाग पाडला आणि तेथें दोन स्वयंपाकघरें झालीं. गंजलेल्या सळया घांसून, त्यांवर लेप देऊन, नवें काँक्रीट चढवून पुढचा भाग दुरुस्त केला. आईची खोली खालीं आली. तिच्यासाठीं जेवणघराशेजारीं न्हाणी बांधली. पुतण्याला यांत समाधान नव्हतें. तो बायकोमुलांसह शहराच्या दुसऱ्या टोंकास एका फ्लॅटांत राहावयास गेला. घर राहिलें, आणि घरांतलें एक कुटुंब गेलें. हा जमाखर्च बरोबरीचा झाला असें मी म्हणूं शकत नाहीं.

परंतु परवां पहिला जोराचा पाऊस झाला तेव्हां तोच संध्याकाळीं भिजत आला. कांहीं न बोलतां गच्चीवर गेला आणि पन्हळीच्या तोंडाशीं अडकलेला पाचोळा हातानें काढून परत खालीं आला. आई म्हणाली, ‘पाय पुसून ये, फरशी ओली होईल.’ त्यानें पाय पुसले आणि तो पाटावर बसला.